एकच माप

धर्माच्या नावावर कुठे रक्त सांडले की आपल्याकडे दोन ठरलेली वाक्ये ऐकू येतात. मारणारा परका असेल तर ‘हे त्यांच्या धर्मातच आहे’ आणि मारणारा आपला असेल तर ‘याचा धर्माशी काही संबंध नाही’. हिंदू असो वा मुसलमान, चहाच्या टपरीवर बसलेला असो वा टीव्हीच्या पडद्यावर, माणूस हीच दोन वाक्ये आलटून पालटून वापरतो. दोन्ही वाक्यांत शोध घेण्याचे कष्ट नाहीत. त्यामुळे हिंसेची कारणे कधी सापडत नाहीत आणि पुढच्या वेळी तेच घडते.

मुंबईच्या उत्तरेला पालघर-बोईसरचा जो पट्टा आहे, तो हा प्रश्न समजून घ्यायला उपयोगी आहे. अकरा वर्षांच्या आत या भागाचे नाव तीन वेळा देशभर गाजले. तिन्ही वेळा धर्माचे नाव निघाले. पण तिन्ही घटनांत धर्माची जागा वेगवेगळी होती. ती नीट पाहिली तर बऱ्याच गोष्टी उलगडतात.

तीन घटना

पहिली घटना नोव्हेंबर 2012 ची. बाळासाहेब ठाकरे यांचे 17 नोव्हेंबरला निधन झाले. दुसऱ्या दिवशी मुंबई बंद होती. पालघरच्या एका तरुणीने बंदबद्दल नाराजी सांगणारी पोस्ट फेसबुकवर टाकली, तिच्या मैत्रिणीने ती लाइक केली. पोस्ट लिहिणारी मुसलमान होती, लाइक करणारी हिंदू. दोघींना अटक झाली आणि पोस्ट लिहिणारीच्या काकांचा दवाखाना जमावाने फोडला. पोस्टमध्ये धर्माबद्दल एक अक्षर नव्हते. तरी पोलिसांनी सुरुवातीला जे कलम लावले ते धार्मिक भावना दुखावल्याचे, 295-अ. नंतर ते बदलले. माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम 66-अ सुद्धा लावले होते. याच प्रकरणातून निघालेल्या श्रेया सिंघल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 24 मार्च 2015 रोजी ते कलम रद्द केले. राग राजकीय होता, त्याला कागदावर धर्माचा पोशाख चढवला गेला.

दुसरी घटना 16 एप्रिल 2020 च्या रात्रीची. लॉकडाऊन सुरू होता. दोन साधू आणि त्यांचा चालक कांदिवलीहून सुरतकडे गुरूंच्या अंत्यविधीला निघाले होते. आडमार्गाने जाताना डहाणू तालुक्यातील गडचिंचले येथे वनखात्याच्या चौकीजवळ त्यांची गाडी अडवली गेली. मुले पळवणारे, किडनी काढणारे, चोर फिरत आहेत अशी अफवा त्या भागात कित्येक दिवस पसरलेली होती. गावोगाव रात्रीचा पहारा चालू होता. दोनच दिवस आधी त्याच परिसरात मदत घेऊन गेलेल्या एका डॉक्टरवर आणि पोलिसांवरही जमाव चालून गेला होता. गडचिंचलेत पोलीस हजर असताना तिघांना ठेचून मारले. वृद्ध साधू पोलिसाचा हात धरून बाहेर येतात, ते दृश्य ज्याने पाहिले तो विसरू शकत नाही.

तिसरी घटना 31 जुलै 2023 च्या पहाटेची. जयपूर-मुंबई सेंट्रल सुपरफास्ट पालघर सोडून मुंबईकडे धावत होती. गाडीत बंदोबस्तावर असलेल्या रेल्वे सुरक्षा दलाच्या एका शिपायाने आधी आपल्या वरिष्ठ अधिकाऱ्याला गोळ्या घातल्या. मग वेगवेगळ्या डब्यांतून तीन मुसलमान प्रवाशांना टिपले. त्यांतले एक नालासोपाऱ्याचे रहिवासी होते, मोहरमसाठी गावी जाऊन परतत होते. एका मृतदेहाजवळ उभा राहून बंदूकधारी पाकिस्तान आणि राजकारण यावर बोलतो, असा व्हिडिओ देशाने पाहिला. शिपायाला बडतर्फ करण्यात आले. खटल्याचा निकाल लागेपर्यंत तो आरोपीच आहे, हे लक्षात ठेवूनही एक गोष्ट दिसते. मारला गेलेला अधिकारी मुसलमान नव्हता, त्याच्यावर राग वेगळ्या कारणाने होता. नंतरचे तिघे मात्र डब्यांतून शोधून काढलेले होते. शेकडो प्रवाशांत त्यांना वेगळे काढणारी गोष्ट म्हणजे त्यांच्या दाढ्या आणि कपडे.

नाव कोण ठेवतो?

आता या घटनांना मिळालेली नावे पाहा. गडचिंचलेची हत्या अफवेतून झाली होती. पण दोन-तीन दिवसांत तिला धर्मयुद्धाचे रूप देण्यात आले. तबलिगी जमातच्या निमित्ताने ‘कोरोना जिहाद’चा गदारोळ तेव्हा जोरात होता. भगवी वस्त्रे दिसली, म्हणजे मारणारे मुसलमानच असणार, असा निष्कर्ष काढून मोकळे झालेल्यांची संख्या लहान नव्हती. अखेर 22 एप्रिलला तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांना अटक केलेल्या 101 जणांची यादी जाहीर करून सांगावे लागले की त्यात एकही मुसलमान नाही. राज्याच्या गृहमंत्र्याला आरोपींचा धर्म जाहीर करावा लागतो, तेव्हा समाज किती आजारी आहे ते कळते.

रेल्वेतल्या गोळीबाराचे उलट झाले. तिथे बळी धर्मावरून निवडले गेल्याची चिन्हे होती, तरी पहिल्या दिवसापासून चर्चा सुरू झाली ती शिपायाच्या तापट स्वभावाची आणि मानसिक आजाराची. आजार असेलही. पण आजारी माणसाच्या हातातली बंदूक दाढीकडेच का वळली, हा प्रश्न त्याने सुटत नाही. मनात आधीपासून कोणी काही भरले असेल तरच ते अशा वेळी बाहेर येते.

पालघरच्या बाहेरची एक घटना शेजारी ठेवू. 1 जुलै 2018 रोजी धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातील राईनपाडा येथे नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच भिक्षेकऱ्यांना जमावाने मुले पळवणारे समजून मारले. अफवा तीच, भाग आदिवासी, आणि मेलेले भिक्षा मागून जगणारे. गडचिंचलेशी इतके साम्य असूनही राईनपाड्याचे धर्मयुद्ध झाले नाही, कारण त्यातून कोणाला फायदा नव्हता. ते पाच जण भटक्या जमातीचे गरीब होते, त्यांच्यासाठी स्टुडिओत कोणी ओरडले नाही.

यावरून हिंसेचे पहिले कारण हाती लागते. हिंसा घडते एका कारणाने आणि तिला नाव मिळते दुसऱ्या कारणाने. नाव ठेवणाऱ्याचा हिशेब वेगळा असतो. ज्या घटनेला चुकीचे नाव मिळते, ती पुढच्या घटनेचे बियाणे होते. गडचिंचलेनंतर महिनोन्महिने फिरलेले खोटे संदेश कोणाकोणाच्या मनात रुजले असतील, याचा हिशेब कोणी ठेवलेला नाही.

आपल्या बाजूचा हिशेब

इथवर वाचताना मुसलमान वाचकाने मान डोलावली असेल. आता तेच माप स्वतःला लावू.

22 एप्रिल 2025 रोजी पहलगाममध्ये 26 जणांना ठार केले. वाचलेल्यांनी सांगितले की मारेकऱ्यांनी आधी धर्म विचारला. मृतांत डोंबिवलीचे तिघे होते. रेल्वेत दाढी पाहून निवडले, बैसरनच्या कुरणात नाव विचारून निवडले. या दोन कृत्यांत मला काडीचा फरक दिसत नाही. माणूस कोण आहे हे न पाहता त्याच्यावरची खूण पाहून गोळी झाडणे, हीच धार्मिक हिंसेची सरळ व्याख्या आहे. रेल्वेच्या घटनेवर आपण जितक्या संतापाने बोललो तितक्याच संतापाने पहलगामवर बोलायला हवे. अनेक जण बोललेही. मशिदींतून निषेध झाला, लोकांनी काळ्या फिती लावून नमाज पढली. पर्यटकांना वाचवताना तिथला एक मुसलमान घोडेवाला मेला. 26/11 नंतर मारल्या गेलेल्या नऊ हल्लेखोरांना मुंबईच्या बडा कब्रस्तानात जागा द्यायला जामा मशीद ट्रस्टने नकार दिला होता, हेही आपल्याला अभिमानाने आठवते.

पण निषेधाने काम संपत नाही. मे 2014 मध्ये कल्याणचे चार तरुण जियारतीला जाणाऱ्यांच्या गटासोबत बगदादला गेले आणि तिथून आयसिसकडे पळाले. कल्याण आपल्यापासून दूर नाही. ही मुले शिकलेली होती, उपाशी घरांतली नव्हती. त्यांना त्या वाटेवर नेणाऱ्या गोष्टी मोहल्ल्यातल्या मौलवींनी सांगितलेल्या नव्हत्या, त्या इंटरनेटवरून आल्या होत्या. जगभरच्या मुसलमानांवरच्या अन्यायाची चित्रफीत, सोबत संदर्भ तोडलेल्या चार आयती आणि शेवटी ‘तू काय करतोस?’ हा सवाल. एकट्या खोलीत मोबाइलसमोर बसलेल्या विशीतल्या मुलाला एवढे पुरते.

अशा मुलाला ‘इस्लाम म्हणजे शांती’ एवढे सांगून भागत नाही. त्याच्याकडे आयती असतात, त्याला उत्तरही आयतींतूनच द्यावे लागते. सूरह माइदाच्या 32व्या आयतीत एका निरपराधाचा खून हा साऱ्या मानवजातीच्या खुनासारखा मानला आहे. ही आयत आपण प्रत्येक हल्ल्यानंतर दुसऱ्यांना ऐकवतो. त्याच सूरहची 8वी आयत मात्र क्वचित सांगितली जाते. एखाद्या समूहाबद्दलचा राग तुम्हाला न्यायापासून ढळू देऊ नका, असा तिचा आशय आहे. ती आयत आपल्या मुलांसाठी आहे, कारण राग त्यांच्याच मनात आहे. जुम्याच्या खुतब्यात तिच्यावर बोलले जात नसेल तर त्या मुलाला तिचा अर्थ कोण सांगणार? धर्म ज्यांना कळतो ते गप्प बसले की ज्यांना कळत नाही ते बोलू लागतात.

हमीद दलवाईंनी 1970 साली मुस्लिम सत्यशोधक मंडळ काढले तेव्हा समाजाने त्यांना परके ठरवले. त्यांचे सगळे म्हणणे पटलेच पाहिजे असे नाही. पण आपल्या घरातल्या चुका आपण बोलून दाखवायच्या, हा त्यांचा हक्क आज कोणी नाकारू नये. असगर अली इंजिनिअर यांनी कुराणाचा आधार घेत आयुष्यभर दंगलींची कारणे शोधली, प्रत्यक्ष दंगलग्रस्त गावांत जाऊन लोकांशी बोलले. या दोन वाटा वेगळ्या आहेत, पण दोन्ही आपल्याच आहेत.

अन्याय आणि सूड

दुसरे कारण न्यायाशी जोडलेले आहे. 1992-93 च्या मुंबई दंगलींची चौकशी करणाऱ्या श्रीकृष्ण आयोगाने 900 मृत्यूंची नोंद केली, त्यांत 575 मुसलमान आणि 275 हिंदू होते. 12 मार्च 1993 च्या बॉम्बस्फोटांत 257 माणसे गेली. दंगली आणि स्फोट यांत कार्यकारणाचा धागा असल्याचे आयोगाला दिसले. स्फोटांचा खटला चालला, अनेकांना शिक्षा झाल्या, एकाला फाशी झाली. दंगलीच्या गुन्हेगारांपैकी किती जण तुरुंगात गेले, ते बोटांवर मोजता येईल. स्फोटांना त्यामुळे कोणतेही समर्थन मिळत नाही. सूडाने मेलेले 257 जण कोणाच्याही अपराधाचे धनी नव्हते. पण एका बाजूला न्याय आणि दुसऱ्या बाजूला शांतता समिती, अशी वाटणी झाली की सूडाची भाषा करणाऱ्यांना गिऱ्हाईक मिळते.

जुलै 2025 चे दहा दिवस आठवा. 11 जुलै 2006 रोजी पश्चिम रेल्वेच्या लोकलमध्ये झालेल्या स्फोटांत 180 हून अधिक माणसे मेली. संध्याकाळी विरारच्या दिशेने घरी परतणारी ही माणसे होती. या खटल्यातील आरोपींना उच्च न्यायालयाने 21 जुलैला निर्दोष सोडले. 2008 च्या मालेगाव स्फोटातील सातही आरोपींना विशेष न्यायालयाने 31 जुलैला सोडले. पहिल्या निकालाला अनेकांनी धक्का म्हटले आणि दुसऱ्याला सत्याचा विजय. आपल्यातही अनेकांनी नेमके उलटे केले. पहिल्या निकालाविरुद्ध सरकार लगेच सर्वोच्च न्यायालयात गेले. दुसऱ्याविरुद्ध पीडितांच्या कुटुंबांना स्वतः उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागले. या गडबडीत एक प्रश्न राहून गेला. लोकलमधले प्रवासी आणि मालेगावच्या भिक्कू चौकातली माणसे मेली, ती कोणी मारली? तपास इतका ढिसाळ असेल की पुरावा न्यायालयात टिकत नाही, तर त्याची झळ दोन्हीकडच्या पीडितांना सारखीच बसते. आरोपीच्या धर्मावरून निकालाचा आनंद किंवा दुःख ठरवणाऱ्याला पीडितांशी देणेघेणे नसते.

हडपसरमध्ये जून 2014 मध्ये दाढी आणि टोपीवरून ओळखून एका तरुण आयटी कर्मचाऱ्याला मारले गेले. त्याने कोणतीही आक्षेपार्ह पोस्ट टाकलेली नव्हती. त्या खटल्यातील आरोपी जानेवारी 2023 मध्ये सुटले. सहा महिन्यांनी जयपूर-मुंबई गाडीत गोळ्या झाडल्या गेल्या. एकाने दुसरे घडवले असे म्हणायला माझ्याकडे पुरावा नाही. पण आपल्याला काही होत नाही, हा विश्वास हवेतून येत नाही.

भिवंडीने काय केले?

उपाय शोधायला लांब जायला नको. भिवंडी 1970 आणि 1984 मध्ये भीषण दंगलीत जळाली होती. पण डिसेंबर 1992 आणि जानेवारी 1993 मध्ये शेजारची मुंबई पेटली असताना भिवंडी शांत राहिली. त्यामागे पोलीस अधिकारी सुरेश खोपडे यांनी 1988 पासून उभ्या केलेल्या मोहल्ला समित्या होत्या.

आपल्याकडे शांतता समित्या सगळीकडे असतात. सणाच्या आधी पोलीस ठाण्यात बैठक होते, दोन्ही बाजूंचे पुढारी गुलाबाचे फूल घेतात, फोटो छापून येतो. खोपडेंचे काम वेगळे होते. समितीत पुढारी आणि गुंड नको, सामान्य माणसे हवीत, हिंदू आणि मुसलमान सारखे हवेत, हा नियम. त्या भागाचा पोलीस त्यांच्यासोबत बसणार. आणि बैठक दंग्याच्या भीतीने भरवायची नाही, वर्षभर भरवायची. नळाचे भांडण, गटाराचे भांडण, पोरापोरांची मारामारी असे प्रश्न तिथे सोडवायचे. यंत्रमागावर काम करणारा अन्सारी आणि शेजारचा पाटील एकमेकांना नावाने ओळखू लागले. अफवा आली तेव्हा ती खरी की खोटी हे विचारायला समोर ओळखीचा माणूस होता. 1993 नंतर मुंबईत ज्युलिओ रिबेरो, सतीश साहनी, सुशोभा बर्वे यांनी मोहल्ला कमिटी चळवळ उभी केली ती याच वाटेने.

बोईसर-तारापूर भागाला याची गरज भिवंडीपेक्षा कमी नाही. पाम, पास्थळ, सालवड, सरावली या गावांच्या शेजारी औद्योगिक वसाहत वाढली आणि उत्तर प्रदेश, बिहार, ओडिशापासून माणसे आली. वारली, कुणबी, मच्छीमार, कोकणी मुसलमान असे जुने रहिवासी एकमेकांना पिढ्यान्‌पिढ्या ओळखतात. नव्या चाळींत तसे नाही. शेजारी बारा तास पाळी करून येतो, झोपतो, पुन्हा जातो. त्याची ओळख उरते ती त्याच्या राज्याची, दारावरच्या झेंड्याची किंवा तोरणाची. माणूस अनोळखी राहिला की त्याच्या जागी खूण दिसू लागते. आणि खुणेवर हात उचलणे सोपे असते.

अफवा रोखण्याचे तांत्रिक उपाय झाले आहेत. राईनपाड्यानंतर व्हॉट्सॲपने एक संदेश पाचच जणांना पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली. फार वेळा फिरलेला संदेश एका वेळी एकाच ठिकाणी जाईल, असे 7 एप्रिल 2020 रोजी जाहीर केले. त्यानंतर नवव्या दिवशी गडचिंचले घडले. तोंडातोंडी पसरणाऱ्या अफवेला मोबाइल कंपनी थांबवू शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 17 जुलै 2018 च्या तहसीन पूनावाला निकालात प्रत्येक जिल्ह्यात झुंडबळी रोखण्यासाठी वरिष्ठ पोलीस अधिकारी नेमा, खटले जलद चालवा, पीडितांना भरपाई द्या असे सांगितले होते. त्या निकालाला दोन वर्षे होण्याआधी तीन माणसे पोलिसांसमोर मेली. कायदा कागदावर होता. गावाचा विश्वास असलेला पोलीस मात्र त्या रात्री तिथे नव्हता.

बातमी आणणारा कसा आहे ते पाहा, खातरजमा करा, नाहीतर नकळत लोकांना इजा कराल आणि मग पस्तावाल, असे सूरह हुजुरातची 6वी आयत सांगते. व्हॉट्सॲपच्या काळासाठीच ती उतरली असावी असे वाटते. ही आयत आपल्या प्रत्येक ग्रुपवर लागू करता येईल. धर्मावर अन्याय झाल्याचा संदेश आला की आधी विचारायचे, कुठे, कधी, कोणी पाहिले? उत्तर नसेल तर तो संदेश तिथेच थांबवायचा. हा नियम आपल्यावर आलेल्या संकटाच्या संदेशालाही लागू, कारण खोटे दुःखही खऱ्या दंगली घडवते.

एवढे करायला सरकारी परवानगी लागत नाही. बोईसरच्या मशिदीच्या कमिटीने गणेशोत्सव मंडळाच्या कार्यकर्त्यांना, आदिवासी पाड्यावरच्या शिक्षकाला आणि ठाण्याच्या बीट हवालदाराला महिन्यातून एकदा चहाला बोलवावे. सणाचा विषय काढू नये. पाणी, कचरा, कारखान्याचा वास, रात्रपाळीची रिक्षा यावर बोलावे. आणि पुढच्या वेळी कुठेही रक्त सांडले, मारणारा रामाचे नाव घेणारा असो वा अल्लाहचे, तर तीच माणसे एकत्र उभी राहून एकच पत्रक काढतील, एवढे आधीच ठरवून ठेवावे. त्या पत्रकात मेलेल्याचा धर्म लिहू नये.